आधी खरेदी, मग गोळीबार : नेमबाजीच्या सांघिक खेळांतील अर्थकारण

संगणकावरील नेमबाजीचा खेळ म्हटला की चपळ बोटे, तीक्ष्ण नजर आणि कानठळ्या बसवणारा गोळीबार एवढेच चित्र बहुतेकांच्या डोळ्यांसमोर उभे राहते. 'काउंटर-स्ट्राइक' किंवा 'व्हॅलोरंट' यांसारख्या खेळांच्या बाबतीत हे चित्र अर्धेच खरे आहे. या खेळांत प्रत्येक राउंडच्या आरंभी पाचही खेळाडूंपुढे शस्त्रांचे दुकान उघडते. हाती असलेल्या मर्यादित रकमेतून बंदूक, चिलखत, धुराचे बॉम्ब यांपैकी काय घ्यायचे, की काहीच न घेता पैसे पुढच्या राउंडसाठी राखायचे, हे जेमतेम काही सेकंदांत ठरवावे लागते. अनेक सामने याच सेकंदांत हातचे जातात, आणि पाहणाऱ्याला मात्र गोळीबारात हरल्यासारखे वाटते.

ही रक्कम आभासी असते. पडद्यावर ती डॉलरमध्ये दिसत असली तरी खऱ्या पैशाशी तिचा संबंध नाही, आणि सामना संपताच ती शून्य होते. घरातील मुलगा 'पैसे संपले' किंवा 'पुढच्या राउंडला विकत घेऊ' असे ओरडताना ऐकून धास्तावणाऱ्या पालकांनी एवढी गोष्ट आधी लक्षात घ्यावी. २०२५ च्या ऑगस्टमध्ये केंद्राने केलेल्या ऑनलाइन गेमिंगविषयक कायद्यानेही पैसे लावून खेळले जाणारे खेळ आणि ई-क्रीडा यांच्यात स्पष्ट भेद केला आहे. पहिल्या प्रकारावर बंदी आली, तर दुसऱ्या प्रकाराला मान्यता मिळाली. बंदुकांवरील रंगीत नक्षी खऱ्या पैशाने विकत घेण्याचा बाजार आहे हे खरे, पण त्या नक्षीने गोळी अधिक जोरात लागत नाही. येथे विचार करायचा आहे तो केवळ सामन्यातील अर्थकारणाचा.

हिशेबाची बाराखडी

'काउंटर-स्ट्राइक' १९९९ मध्ये 'हाफ-लाइफ' या खेळाचे हौशी रूपांतर म्हणून जन्माला आला. मिन्ह ली आणि जेस क्लिफ या दोन तरुणांनी तो घडवला आणि पुढे वाल्व या कंपनीने तो आपल्याकडे घेतला. २००३ मधील १.६ ही आवृत्ती मुंबई-पुण्याच्या सायबर कॅफेंतून आणि महाविद्यालयीन वसतिगृहांतून एका पिढीने मनसोक्त खेळली. २०१२ मध्ये 'ग्लोबल ऑफेन्सिव्ह' आणि सप्टेंबर २०२३ मध्ये 'काउंटर-स्ट्राइक २' आला. इतक्या वर्षांत नकाशे बदलले, चित्रे देखणी झाली, पण खेळाडूच्या हाती सुरुवातीला ठेवले जाणारे ८०० डॉलर आणि कमाल साठ्याची १६,००० डॉलरची मर्यादा मात्र कायम राहिली आहे.

एका बाजूचा संघ बॉम्ब लावतो, दुसरी बाजू तो लावू देत नाही किंवा लावल्यास निकामी करते. राउंड जिंकणाऱ्या संघातील प्रत्येकाला ३,२५० डॉलर मिळतात. बॉम्ब फुटून किंवा निकामी होऊन राउंड संपला तर ३,५००. हरणाऱ्यालाही रिकाम्या हाताने पाठवले जात नाही. त्याला 'लॉस बोनस', म्हणजे पराभवाचा भत्ता मिळतो. हा भत्ता १,४०० पासून सुरू होऊन प्रत्येक सलग पराभवागणिक ५०० ने वाढत ३,४०० पर्यंत पोहोचतो. सामन्याच्या पहिल्याच, केवळ पिस्तुलांच्या राउंडमध्ये हरणाऱ्याला २०१९ पासून थेट १,९०० मिळू लागले.

खर्चाची बाजू अशी. बॉम्ब लावणाऱ्या पक्षाची लाडकी एके-४७ ही रायफल २,७०० डॉलरला पडते. दुर्बिणीची एडब्ल्यूपी ४,७५० ला. चिलखत ६५० ला आणि शिरस्त्राणासह १,००० ला. धुराचा बॉम्ब ३००, डोळे दिपवणारा फ्लॅश २००. आता पिस्तुलांचा राउंड हरलेल्या, म्हणजे सारे ८०० खर्चून बसलेल्या खेळाडूचा हिशेब मांडून पाहू. त्याच्या हाती १,९०० आले. दुसऱ्या राउंडमध्ये त्याने काहीही विकत घेतले नाही, अपेक्षेप्रमाणे राउंड हरला, आणि आणखी २,४०० मिळाले. एकूण झाले ४,३००. तिसऱ्या राउंडमध्ये एके-४७ आणि शिरस्त्राणासह चिलखत मिळून ३,७०० होतात. उरलेल्या ६०० मध्ये एक धुराचा बॉम्ब आणि एक फ्लॅश येतो, शंभर डॉलर शिल्लक राहतात. म्हणजे एक राउंड जाणूनबुजून सोडून दिला की तिसऱ्या राउंडला पूर्ण सज्ज होऊन उतरता येते. या सोडून देण्याला खेळाडू 'इको' म्हणतात, आणि पूर्ण सज्जतेला 'फुल बाय'.

याउलट दुसऱ्याच राउंडमध्ये १,९०० उडवून तुटपुंज्या शस्त्रांनिशी झुंज दिली आणि हरलो, तर तिसऱ्या राउंडला हाती उरतात फक्त २,४००. त्यात एके-४७ देखील येत नाही. अशा हट्टाच्या खरेदीला 'फोर्स बाय' असे नाव आहे. ती प्रत्येक वेळी चूकच असते असे नाही, त्याविषयी पुढे येईलच.

एकट्याचा मोह, पाचांचे नुकसान

प्रत्येकाचा खिसा वेगळा असला तरी निर्णय मात्र एकच असावा लागतो, ही या खेळाच्या अर्थकारणातील सर्वांत मोठी गोम आहे. वरच्याच उदाहरणात चौघांनी शहाणपणाने पैसे राखले आणि पाचव्याला राहवले नाही असे समजू. त्याने दुसऱ्या राउंडमध्ये ७०० डॉलरचे डेझर्ट ईगल पिस्तूल आणि ६५० चे चिलखत घेतले. तिसऱ्या राउंडला चौघांकडे ४,३००, आणि याच्याकडे २,९५०. एके-४७ घेतली तर उरतात २५०, म्हणजे एक फ्लॅश. अंगावर चिलखत नाही. शत्रूची पहिलीच झड त्याला आडवी करते, चार विरुद्ध पाच अशी लढत होते, आणि चौघांनी काटकसर करून घडवलेला राउंड निसटतो. पिस्तुलाने एखादा बळी मिळाला असता तर ३०० डॉलर परत आले असते हे खरे. परंतु त्या आशेवर चौघांची तयारी पणाला लावणे हा शुद्ध अविचार होय. नवख्या संघांत पराभवानंतर होणारी भांडणे नेमकी याच कारणावरून होतात. नेमबाजी कच्ची असल्याचा दोष कोणी फारसा देत नाही, 'तू का विकत घेतलेस' हाच प्रश्न विचारला जातो.

म्हणून जाणता कर्णधार संघातील सर्वांत श्रीमंत खेळाडूकडे न पाहता सर्वांत गरीब खेळाडूकडे पाहून खरेदी ठरवतो. सहकाऱ्यांच्या शिलकी रकमा गुणफलकावर दिसतात. चौघांकडे पाच-पाच हजार आणि एकाकडे दीड हजार असतील, तर दोनच मार्ग उरतात. एक तर सर्वांनी थांबायचे, किंवा सधन खेळाडूने दुसऱ्यासाठी बंदूक विकत घेऊन त्याच्या पायाशी टाकायची. याला 'ड्रॉप देणे' म्हणतात. ग्रामीण महाराष्ट्राला ही रीत नवी नाही. एकेक बैल असलेले दोन शेतकरी सावड करून एकमेकांच्या शेतात औत चालवतात, त्याचाच हा प्रकार. आज मी तुला, उद्या तू मला. व्हॅलोरंटमध्ये तर सहकाऱ्याकडे शस्त्राची विनंती करण्याची सोयच खरेदीच्या पडद्यावर दिलेली आहे.

शेतीचा विषय निघालाच आहे, तर आणखी एक साम्य नोंदवावेसे वाटते. यवतमाळ जिल्ह्यात दारव्हा तालुक्यातील बोरी अरब आणि आसपासच्या कोरडवाहू कापसाच्या पट्ट्यात मृगाच्या पहिल्या सरीवर सगळे बियाणे मातीत घालणाऱ्याची आणि थोडे पैसे हाती राखणाऱ्याची गत वेगळी होते. पावसाने ओढ दिली की दुबार पेरणी करावी लागते. त्या वेळी ज्याच्या गाठीला काही नसते, त्याचा हंगाम जुलैतच संपतो. बीटी कपाशीच्या ४७५ ग्रॅमच्या पाकिटाचा कमाल दर केंद्र सरकारने २०२५-२६ साठी ९०१ रुपये ठरवला होता. अशी किती पाकिटे पहिल्या फेरीत टाकायची आणि किती पैसे दुसरीसाठी राखायचे, हा निर्णयही आकाशाकडे पाहत, अपुऱ्या माहितीवर, घाईतच घ्यावा लागतो. साम्य मात्र येथेच थांबते. हरणाऱ्याला दर पराभवागणिक वाढता भत्ता देणारी व्यवस्था खेळ बनवणाऱ्यांनी मुद्दाम घातली, कारण एकदा मागे पडलेला कायमचा मागे राहिला तर सामन्यात कोणालाच रस उरत नाही. बोरी अरबच्या शेतकऱ्याला असा भत्ता नाही.

बचाव महाग, म्हणून हिशेब बारीक

बॉम्ब लावणाऱ्यांपेक्षा बचाव करणाऱ्यांचा संसार खर्चिक असतो. त्यांची एम४ए१-एस ही रायफल २,९०० ला, शिरस्त्राणासह चिलखत १,००० ला, आणि बॉम्ब निकामी करण्याचे किट ४०० ला. बेरीज बरोबर ४,३००. दोन राउंड हरून जमवलेले सारे पैसे येथेच संपले. धुरासाठी, आगीसाठी, फ्लॅशसाठी एक छदाम उरला नाही. धुराविना बचाव म्हणजे दाराविना घर.

यातून मार्ग काढताना अनुभवी खेळाडूंनी एक युक्ती रूढ केली. एके-४७ ची गोळी डोक्यात बसली तर शिरस्त्राण असले तरी खेळाडू वाचत नाही. मग समोर एके-४७ च असणार हे ठाऊक असताना शिरस्त्राण घ्यायचे कशाला? केवळ ६५० चे चिलखत घेतले की ३५० वाचतात, आणि त्यात एक धुराचा बॉम्ब बसतो. समोरचा संघ पिस्तुले किंवा हलक्या बंदुका घेऊन येण्याची शक्यता असेल तर मात्र शिरस्त्राण हवेच, कारण त्या गोळ्या ते अडवते. म्हणजे आपण काय घ्यायचे हे समोरच्याच्या खिशावर ठरते, आणि तो खिसा दिसत नाही. तो मोजावा लागतो. गेल्या राउंडला त्यांचे किती जण वाचले, कोणती बंदूक कोणी उचलून नेली, सलग किती राउंड हरले आहेत, बॉम्ब लावला होता का, या खुणांवरून प्रतिस्पर्ध्याची शिल्लक शंभर-दोनशे डॉलरच्या फरकाने सांगणारे कर्णधार आहेत. हे गणित पाठ्यपुस्तकातले नाही, पण ते तोंडी आणि दडपणाखाली करावे लागते.

बळी घेतल्याबद्दल मिळणाऱ्या बक्षिसातही अशीच गंमत आहे. रायफलने मारले तर ३००, महागड्या एडब्ल्यूपीने मारले तर अवघे १००, आणि १,०५० डॉलरच्या मॅक-१० सारख्या बहुतेक हलक्या बंदुकांनी मारले तर ६००. म्हणून पिस्तुलांचा राउंड जिंकलेला संघ दुसऱ्या राउंडला रायफलीच्या मागे न लागता हलक्या बंदुका घेतो आणि कफल्लक प्रतिस्पर्ध्यांवर कमाई करून घेतो. चाकूने मारल्यास तब्बल १,५०० मिळतात. मात्र त्या लोभापायी स्वतःची बंदूक समोरच्याला आंदण देणाऱ्यांची संख्याही कमी नाही.

पळून जाणे की राखून ठेवणे?

प्रेक्षकांना सर्वांत खटकणारे दृश्य म्हणजे चार विरुद्ध दोन अशा स्थितीत उरलेले दोघे लढाई सोडून कोपऱ्यात दडून बसतात ते. पण एडब्ल्यूपी हातात असलेला खेळाडू जिवंत राहिला तर पुढच्या राउंडचे ४,७५० डॉलर वाचतात. दोघांविरुद्ध चौघे असताना जिंकण्याची शक्यता फारच थोडी, आणि गमावण्यासारखे बरेच. अशा वेळी दडून बसण्याला पळपुटेपणा म्हणणे अन्यायाचे आहे. जिंकणारा संघही हे जाणतो, म्हणून राउंड खिशात पडल्यावरही तो दडलेल्यांचा माग काढत फिरतो. पुढच्या राउंडमध्ये त्यांच्या हाती बंदूक नको, एवढाच त्यामागे हेतू. यात एक मेख आहे. बॉम्ब न लावता वेळ संपली आणि आक्रमक संघाचा खेळाडू जिवंत राहिला, तर त्याला त्या राउंडचा पराभव-भत्ता मिळतच नाही. बंदूक राहते, रोकड जाते. बचाव करणाऱ्यांना हा नियम लागू नाही.

फोर्स बाय केव्हा करावा, याचे उत्तर येथून मिळते. प्रतिस्पर्ध्याची तिजोरीही खिळखिळी असेल, त्यांनी नुकतीच पहिली मोठी खरेदी केली असेल आणि हरल्यास त्यांनाही पुन्हा शून्यातून उभे राहावे लागणार असेल, तर हट्टाची खरेदी हे धाडस न राहता योग्य डाव ठरतो. सामना हातातून जात असताना, म्हणजे आणखी एक राउंड हरलो की सारेच संपणार अशा वेळी, पैसे राखून ठेवणे निरर्थक आहे. तीच गोष्ट अर्ध्या सामन्याच्या शेवटच्या राउंडची. बाजू बदलल्यावर सर्वांच्या हाती पुन्हा ८०० च येतात. तरीही बाराव्या राउंडला तीन हजार शिलकीत ठेवून खेळणारे नवखे संघ आढळतात, याचे नवल वाटते.

किंमत बदलली की खेळ बदलतो

या बाजारातील दर खेळ बनवणारी कंपनीच ठरवते, आणि तिचे अंदाजही कधी कधी सपशेल चुकतात. डिसेंबर २०१५ मध्ये वाल्वने आर८ हे नवे रिव्हॉल्व्हर आणले. किंमत ठेवली ८५०. त्याची एक गोळी चिलखत घातलेल्या खेळाडूलाही छातीत लागली तरी पुरे होई. म्हणजे ४,७५० च्या शस्त्राचे काम ८५० मध्ये होऊ लागले. इको राउंड, फुल बाय, राखून ठेवणे ही सारी शिस्त दोन दिवस मोडीत निघाली, जगभरातून ओरड झाली आणि कंपनीला तातडीने त्या रिव्हॉल्व्हरची धार कमी करावी लागली. ऑक्टोबर २०१८ मध्ये एसजी ५५३ या दुर्बीण जोडलेल्या रायफलची किंमत २,७५० वर आणली गेली. एके-४७ पेक्षा केवळ ५० डॉलर अधिक! हळूहळू व्यावसायिक खेळाडूंनी पिढ्यानपिढ्यांची एके-४७ बाजूला ठेवून ती उचलली. पुढे दर वाढवावा लागला, आणि २०२० मध्ये तिची अचूकताही कमी करण्यात आली.

मार्च २०१९ मधील बदल अधिक खोल होता. त्यापूर्वी सलग हरणाऱ्या संघाने एक राउंड जिंकला की त्याचा वाढलेला भत्ता एकदम तळाला जाई. कष्टाने जिंकलेल्या राउंडनंतर लगेच हरलेला संघ कंगाल होई. विजयच अंगाशी येई. नव्या नियमाने विजयानंतर भत्ता एकच पायरी खाली उतरू लागला. सामन्यांत मागून येऊन बरोबरी साधणे त्यामुळे सुलभ झाले. चार वर्षांनी 'काउंटर-स्ट्राइक २' मध्ये सामन्याची लांबी कमी झाली. पूर्वी १६ राउंड जिंकावे लागत, आता १३. साहजिकच पिस्तुलांच्या राउंडचे आणि त्यानंतरच्या दोन राउंडचे मोल वाढले, आणि एक चुकीची खरेदी भरून काढायला पूर्वीइतके राउंड उरले नाहीत.

२०२० च्या जूनमध्ये रायट कंपनीने आणलेल्या व्हॅलोरंटने याच अर्थकारणाची सुटसुटीत आवृत्ती स्वीकारली. तेथे साठ्याची मर्यादा ९,००० आहे, विजयाला ३,०००, पराभवाला १,९०० पासून २,९०० पर्यंत, आणि शस्त्र कोणतेही असो, बळीला २००. दोन्ही पक्षांना त्याच रायफली त्याच २,९०० च्या दराने मिळतात. जड चिलखत १,००० चे. त्यामुळे ३,९०० हा आकडा तेथील मुलांना पाढ्यासारखा पाठ असतो. त्यावर प्रत्येक पात्राच्या खास करामतींचा खर्च निराळा. पुढच्या राउंडला किमान किती रक्कम हाती असेल हेही पडद्यावरच लिहून येते. काउंटर-स्ट्राइकचे जुने खेळाडू या सोयीला नाक मुरडतात, पण नवख्याला हिशेब शिकायचा असेल तर सुरुवात येथून करणे बरे.

कर्णधाराची कसोटी

हा हिशेब करायचा कोणी, यावरून व्यावसायिक स्पर्धांतही वाद झाला आहे. एकेकाळी खेळाडूंच्या मागे उभा असलेला प्रशिक्षक सामना सुरू असताना डावपेच आणि खरेदी दोन्ही सांगत असे. बंदुकीवर बोट नसलेला माणूस पैशाचा विचार निवांतपणे करू शकतो, हा त्याचा फायदा होता. हा सहावा खेळाडूच झाला, असे म्हणत वाल्वने २०१६ मध्ये आपल्या प्रमुख स्पर्धांत प्रशिक्षकाचे बोलणे मोजक्या विश्रांतींपुरते मर्यादित केले. तेव्हापासून स्वतः नेम धरत, नकाशावर नजर ठेवत आणि दोन्ही संघांच्या तिजोऱ्या मोजत खेळणाऱ्या कर्णधाराचे मोल वाढले. त्याच्या नावापुढे बळी बहुधा कमीच असतात, आणि गुणफलक तेवढेच पाहणारे चाहते त्याला संघाबाहेर काढण्याची मागणी करतात.

आपल्याकडे या खेळांची बाजारपेठ आणि स्पर्धा मुंबईभोवती वाढल्या. डिसेंबर २०१८ मध्ये गोरेगावच्या नेस्को संकुलात ड्रीमहॅक हा मोठा गेमिंग मेळावा झाला. मुंबईच्याच ग्लोबल ई-स्पोर्ट्स या संघाची २०२२ मध्ये व्हॅलोरंटच्या पॅसिफिक विभागातील आंतरराष्ट्रीय लीगसाठी निवड झाली. त्याच वर्षाच्या डिसेंबरात केंद्र सरकारने ई-क्रीडा हा विषय क्रीडा खात्याकडे सोपवला. असे असले तरी गावोगावच्या मुलांच्या हाती येतो तो मोबाइल, आणि तेथे गाजणाऱ्या 'बॅटल रॉयल' प्रकारच्या खेळांत वस्तू विकत घेण्यापेक्षा जमिनीवरून गोळा केल्या जातात. राउंडगणिक खरेदीची सवय तेथे लागत नाही. संगणकाकडे वळणाऱ्या नव्या संघांचा नेम चांगला, पण पैशाची शिस्त कच्ची असते, त्यामागे हे एक कारण असावे.

अशा संघाने सरावाचा पहिला आठवडा एकच गोष्ट करावी. खरेदीची वेळ सुरू होताच कोणीही बटण दाबायचे नाही; कर्णधाराने 'घ्या', 'थांबा' किंवा 'अर्धे घ्या' यांपैकी एक शब्द उच्चारायचा, आणि ज्याच्याकडे सर्वांत कमी रक्कम आहे त्याने ती मोठ्याने सांगायची. घाईत चुकीची वस्तू घेतली गेलीच, तर काउंटर-स्ट्राइक २ आणि व्हॅलोरंट या दोन्हींत खरेदीची वेळ संपेपर्यंत न वापरलेली वस्तू परत करता येते.